मस्टरवरचं नाव

२०२२ सालची गोष्ट. ग्लोरिया नगरहून पाथर्डीजवळच्या एका वाडीत कॅमेरा घेऊन आली. बहात्तरच्या दुष्काळात पाझर तलावावर राबलेल्या बायांची हकिगत तिला चित्रित करायची होती. त्यांतली सांगायला एकच उरली होती, दगडाबाई.

आधी संमतीपत्र. दगडाबाईनं चष्मा लावला, सही केली, सहीखाली दोन रेघा ओढल्या.

"आजी, अक्षर माझ्यापेक्षा बरं हाय की!" कॅमेरावाला सुनील म्हणाला.

"मग तू शाळंत काय म्हशी राखल्या?"

मग भिंतीला टेकून ती एका सुरात सांगू लागली, परक्याचं सांगावं तसं.

मावशीच्या घरी वाढलेल्या दोन पोरक्या मावसबहिणी, दगडी आणि पुष्पी. थोरल्या दगडीचं नाव मस्टरवर होतं. पुष्पावती चौदाची. लहान म्हणून छगन मुकादमानं तिचं नाव घेतलं नाही. तरी ती रोज बरोबर जायची, मातीच्या पाट्या वाहायची. दुपारी सुकडी खाताना सगळ्या बायांना पुडीचा कागद वाचून दाखवायची.

"अखितीनंतरचा शनवार. दरड ढासळली. दोघी खाली. एकच निघाली."

"पंचनामा झाला?" ग्लोरियानं विचारलं.

"कशाचा? छगन म्हनला, मस्टरवर एक नाव, कामावर एक बाई. जुळलं की."

"तुम्ही काय केलंत मग?"

"सोमवारी हजेरी हुती."

सुनीलनं कॅमेरा बंद केला. दगडाबाईनं ग्लोरियाचा हात धरला.

"बाई, एक काम कर. पुष्पावतीचं नाव कुटंच न्हाई. कागदावर न्हाई, दगडावर न्हाई. तुज्या पिच्चरमदी एकदा तरी लिव. मला माज्या डोळ्यानं वाचू दे."

ग्लोरियानं लिहिलं. वाडीच्या शाळेत फिल्म दाखवली, तेव्हा शेवटी काळ्या पडद्यावर अक्षरं आली: पुष्पावती, वय चौदा, १९७३.

"आये, मावशीचं नाव आलं बघ," लेक मच्छिंद्र म्हणाला.

दगडाबाई ओठ हलवत वाचत होती. "व्हय," ती म्हणाली. "आलं."

मच्छिंद्र पुढं ऊसतोडीला गेला, तो कारखान्याच्या गावीच राहिला. सुनील आता पुण्यात लग्नांचं शूटिंग करतो. दगडाबाई दोन वर्षांनी झोपेतच गेली. फार कुणी आलं नव्हतं म्हणतात.

ग्लोरिया अजून नगरलाच आहे. एका खोलीत बसून जुने कागद स्कॅन करते. गेल्या महिन्यात छगन मुकादमाच्या नातवानं माळ्यावरचं एक गाठोडं आणून दिलं. त्यात तलावाचं मस्टर होतं. तिनं पानं उलटली. शनिवार, बारा मेपर्यंत दगडाबाईच्या नावापुढं रोज निळा अंगठा. सोमवारपासून सही, आणि सहीखाली दोन रेघा.