मोराचा हात

१९९८ साली माझ्या माहितीपटासाठी एक जुनी सरकारी चित्रफीत मिळाली. विषय होता देवळीच्या रस्त्याचे उद्घाटन. तीत पाहुण्यांचा हार होता, पाहुण्यांची कात्री होती, पाहुण्यांचे स्मितही होते. खडी वाहणाऱ्या बायांपाशी पोहोचण्याआधीच कॅमेरा मोठ्या सभ्यपणाने थांबला होता. चौकटीच्या कडेला उरला होता एक हात, मोर गोंदलेला.

"माह्या मायचा हाय हा," ती पाहायला देवळीहून आलेल्या तानाबाई म्हणाल्या. "मावशी सांगे मोराचं." त्या पाळण्यात असतानाच आई वारली होती. फोटो एकही नव्हता.

संकलक विवेकने दृश्य पुन्हा लावले. हातामागे खांदा आला.

"मघाशी खांदा नव्हता," मी म्हणालो.

"नव्हताच, सर." त्याने यंत्र थांबवले.

"काऊन थांबला रे बाबू? तूबी सरकारचाच दिसतं! लाव ना."

त्याने लावले. चाळीस वर्षे अडलेला कॅमेरा सावकाश पुढे सरकला. पाहुणे चौकटीबाहेर गेले. एका तरुण बाईने डोक्यावरची टोपली खाली ठेवली, आमच्याकडे पाहिले, आणि तिचे ओठ हलले.

चित्रफीत मूक होती.

हाक ऐकू आल्यासारख्या तानाबाई पदर सावरत उठल्या.

"आली वो माय," त्या म्हणाल्या.