शेवटच्या एसटीपर्यंत

“भुताचा सिनेमा झकास, विनोदी बरा. हा कौटुंबिक मात्र खोटा,” टीव्हीवरचा समीक्षक म्हणाला. “सिनेमावेड्या पोराची ट्रंक आई अंगणात फेकते. पोरगा शेवटच्या एसटीपर्यंत स्टँडवर तिची वाट बघतो, अन् ती फिरकतसुद्धा नाही! अशी आई असते?”

“असेल की एखादी!” शेजारची समीक्षक बाई हसली.

तो सिनेमा आनसाबाईंच्या मुलानं, रणजितनं काढलेला होता.

“बंद करू, आत्याबाई?” सुनेनं रिमोट उचलला.

“ऱ्हाऊ दे. त्या टायवाल्याला काय डोंबल कळतंय!” आनसाबाई फणकारल्या.

पोरगं दुपारच्याच गाडीनं गेलं, मागं वळूनसुद्धा बघितलं नाही, असं बारा वर्षं त्या गावभर सांगत होत्या. त्या दिवशी अंधार पडेपर्यंत त्याही दाराआड उभ्या होत्या, त्याच्यासाठी कडी न लावता.

“स्टँड काय लांब हुतं, गं?” त्यांनी सुनेला विचारलं.