झाकलेलं पातेलं

धाकटी पुन्हा स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभी राहिली, तेव्हा थोरलीनं हातातला उकडलेला पालक जरा जास्तच जोरात पिळला.

"ताई, काही मदत करू?"

"नको. तू बाहेर टेबल लाव."

धाकटी गेली, पण जाताना तिची नजर मिठाच्या बरणीवर रेंगाळली. थोरलीच्या मनात पाल चुकचुकली. या जावेचं काहीतरी चाललं होतं खास, आणि आज ते उघडं पाडायचंच असं तिनं ठरवलं होतं.

कारण आजचा दिवस साधा नव्हता. चौकातल्या मोठ्या हॉटेलचा मालक दुपारी जेवायला येणार होता. दिराच्या डब्यातला पालक-चीजचा एक घास खाऊन तो म्हणे वेडा झाला होता. आज समोर बसून पोटभर खाणार आणि पसंत पडलं, तर हॉटेलात प्रत्येक ताटाच्या बाजूला हाच पदार्थ देणार, तोही थोरलीच्या नावानं. वीस वर्षं घरच्या ओव्हनपुढे उभी राहिलेली थोरली आठवडाभर आनंदानं नीट झोपली नव्हती.

तिनं लोण्यात कांदा-लसूण परतला, मैदा भाजला, दूध ओतलं. सॉस दाट होत आला आणि तेवढ्यात बाहेरून धाकटीचा आवाज आला, "ताई, खाली लागतंय बघा!"

थोरलीनं ढवळलं. खरंच, तळ धरला होता. पण पातेल्यावर वाकलेल्या बाईला जे कळलं नाही, ते तिकडे बाहेरच्या खोलीत हिला कसं कळलं? म्हणजे बया दाराआड उभी होती तर!

तिनं चीज किसून घातलं, जायफळ घातलं, पालक मिसळला आणि चमचाभर चाखून पाहिलं. मिळमिळीत. हल्ली सगळंच मिळमिळीत झालं होतं. हिवाळ्यात थोरली तापानं तीन आठवडे अंथरुणाला खिळली, तेव्हापासून वाणसामान धाकटी आणायला लागली होती आणि तेव्हापासूनच घरातल्या चहाला चहाचा वास नव्हता की मिठात मीठपणा नव्हता. कुठला स्वस्तातला माल उचलून आणत होती, कोण जाणे. तोंडावर बोलायची सोय नव्हती, कारण ती कायम गोडच बोलायची. थोरलीनं आणखी दोन चिमटी मीठ टाकलं. मग आणखी एक.

मिश्रण थंड व्हायला पातेल्यावर झाकण ठेवायचं आणि आपण आंघोळ उरकून घ्यायची, ही तिची जुनी पद्धत. पण गेल्या काही दिवसांत तिला एक गोष्ट खटकत होती. जाताना मिश्रण काठापासून चार बोटं खाली असायचं, आणि परत आल्यावर तीन. पालक काय पातेल्यात वाढतो?

आज तिनं न्हाणीघरातला नळ सोडला, दार बाहेरून ओढून घेतलं आणि पाय न वाजवता स्वयंपाकघराशी परत आली.

धाकटी पातेल्यापाशीच होती. एका हातात झाकण, दुसऱ्या हातात वाडगा.

"सापडलीस!"

धाकटीच्या हातातलं झाकण खाली पडलं.

"काय आहे त्यात?"

"बटाटा, ताई. नुसता उकडून कुस्करलेला. थोडासाच..."

"माझ्या पालकात बटाटा? वेळ बरी साधलीस गं!"

"ताई, आज तरी घालू द्या. मी पाया पडते तुमच्या. तुम्ही आजारी पडलात ना, तेव्हापासून..."

"तेव्हापासूनच तुला हे स्वयंपाकघर हवंय! तीन आठवडे काय मिळालं, डोक्यात हवाच गेली. मला सगळं कळतं."

धाकटीनं काहीतरी बोलायला तोंड उघडलं, थोरलीच्या चेहऱ्याकडे पाहिलं आणि मिटलं. तिचे डोळे भरून आले होते. नाटकं, थोरली मनात म्हणाली. तिनं वाडगा कचऱ्याच्या डब्यात पालथा केला, मिश्रण ट्रेमध्ये पसरलं, वर चीज आणि ब्रेडचा चुरा भुरभुरवला आणि ओव्हनसमोर स्टूल टाकून ठाण मांडून बसली. वरचा थर सोनेरी होईपर्यंत ती जागची हलली नाही.

जेवायला सगळे बसले. पाहुण्याच्या शेजारी नवरा आणि दीर, टोकाला कानानं अधू असलेले सासरे. त्यांची कुजबुज शेजारच्या घरापर्यंत जायची, म्हणून पाहुण्यांसमोर त्यांना कोणी फारसं बोलतं करत नसे. थोरलीनं सगळ्यांत आधी हॉटेलमालकाच्या ताटात वाढलं. चीजची तार निघाली.

त्यानं घास घेतला. चावणं थांबलं. त्यानं कसाबसा गिळला आणि पाण्याचा ग्लास एका दमात रिकामा केला. मग दुसरा.

"रंग... रंग छान आलाय," तो म्हणाला आणि काटा खाली ठेवला.

नवरा मान खाली घालून आपल्या ताटातलं चीज बाजूला सारत बसला. दिरानं बायकोकडे पाहिलं. थोरलीला वाटलं, बटाटा आधीच पडला असणार. मी पोचायच्या आधीच!

तेवढ्यात सासरे धाकटीकडे वाकले आणि त्यांच्या मते अगदी हळू आवाजात म्हणाले, "काय गं, आज थोरलीच्या पालकात बटाटा घालायला विसरलीस होय? तोंडात धरवत नाही इतकं खारट झालंय. इतके महिने सांभाळलंस, आणि आजच कशी चुकलीस?"

धाकटीनं मान वर केली नाही.

थोरलीनं आपल्या ताटातला मोठा घास उचलला, तोंडात घातला आणि सावकाश चावला. तिला तो रोजच्यासारखाच लागला. अळणी.