पाणमांजरं कुणाच्या बाजूची?

दुकानदाराने दोन पेट्या काउंटरवर शेजारी-शेजारी ठेवल्या. जंगलातल्या प्राण्यांच्या लढाईचा मूळ बोर्डगेम तिच्या घरी होताच. ही त्याची नवी एक्स्पान्शन्स, मूळ खेळाला जोडायचे पुरवणी संच.

"हिच्यात पाणमांजरांची फौज आहे. दुसरीत समोरच्याच्या चाली पत्तेच ठरवतात, म्हणजे एकट्यालाही खेळता येतं. तुम्ही किती जण खेळता, ताई?"

"दोघं. मी आणि बाबा," ती बोलून गेली. बाबांना जाऊन जेमतेम महिना झाला होता.

"मग पाणमांजरंच न्या. मूळ खेळातल्या मांजरांच्या फौजेला जेरीस आणतात."

"मांजरांना? अहो, भाऊबंदच ना ते! आपसात कसे लढतील?"

दुकानदार खळखळून हसला. "अगदी हेच एक काका म्हणाले होते! नुसतं नावातच मांजर आहे हो, मी समजावलं. पण ऐकतील तर शपथ! 'मुलगी मांजरांची फौज घेते, तिच्यावर तिचेच चुलते कसे सोडू?' म्हणाले. विचार करून परत येतो म्हणाले, ते अजून आलेच नाहीत."

घरी ती नेहमी मांजरांचीच फौज घ्यायची. आत्ता तिच्या तोंडून बोललं, ते नक्की कोण, ती की बाबा? तिने वळून दाराकडे पाहिलं.

"ते नाही यायचे आता," ती पहिल्यांदाच मोठ्याने म्हणाली, आणि एकट्याने खेळायची पेटी तिने जवळ ओढली.