नूरेल नावाची मुलगी

"पुन्हा सांग," तिसऱ्या मजल्यावरच्या मादाम जोझियान म्हणाल्या. "नूर...?"

"नूरेल." फेतीने हातातली आपली लेक जरा उंच धरली. "नूर आमचा, अरबी, म्हणजे प्रकाश. एल तुमचं, फ्रेंच, म्हणजे ती. अख्ख्या मार्सेयमध्ये दुसरी सापडायची नाही."

"आणि मलासुद्धा म्हणता येतंय!" मादाम म्हणाल्या. सगळे हसले.

बाळाचा आज सातवा दिवस, नाव सांगण्याचा. बैठकीच्या खोलीत पाय ठेवायला जागा नव्हती. भाजलेल्या रव्यात लोणी आणि मध घातलेल्या तमीनेच्या बशा फिरत होत्या. फेतीची आई पुदिन्याचा चहा उंचावरून पेल्यांत ओतत होती.

बाळाची आई सिहेम उशांना टेकून ऐकत होती. हे नाव तिच्या मनात भरलं होतं. शाळेत एकाही बाईंना तिचं स्वतःचं नाव धड घेता आलं नव्हतं. मधला 'ह' प्रत्येकीने गिळला. सुट्टीत अल्जीरियात ओरानला गेलं की मामेबहिणी तिच्या अरबीला हसायच्या. या मुलीचं तसं होणार नव्हतं. हिला इकडचेही आपली म्हणतील आणि तिकडचेही. ती पोटुशी असताना दोघं समुद्राच्या कठड्यावर बसलेली होती, तेव्हा फेती एकदम म्हणाला होता, "नूरेल. आत्ता सुचलं बघ." आणि तिला रडू आलं होतं.

दाराची बेल वाजली. फेतीच्या झुलीखा आत्या थेट उत्तर फ्रान्समधल्या रूबेहून आल्या होत्या. गुडघ्यामुळे जमणार नाही असं त्यांनी कळवलं होतं, पण राहवलं नाही. लग्नाआधी फेती त्यांच्याच गावात कामाला होता. आत्यांना कमी ऐकू यायचं, त्यामुळे बोलणं मोठ्याने.

"पोरीचं नाव काय ठेवलंस रे?"

फेती बाळाचं दुपटं नीट करत राहिला. मादाम जोझियाननीच हौसेने सांगितलं, "नूरेल!"

आत्यांनी कानामागे हात धरला. "हिचंही नूरेल? अरे, मग थोरलीला काय हाक मारायची?"

"कोण थोरली, आत्या?" सिहेमने हसतच विचारलं.

"याची गं. आमच्या रूबेची." मग आत्यांचं लक्ष फेतीच्या चेहऱ्याकडे गेलं. "हिला सांगितलं नाहीस?"

सिहेमने सासूबाईंकडे पाहिलं. त्यांनी मान वर केली नाही. चहाची धार तशीच पेल्यात पडत होती, एक थेंबही बाहेर सांडला नाही.

सिहेम उठून स्वयंपाकघरात गेली. बाळ मादामच्या हातात देऊन फेती मागोमाग आला.

"लग्न वगैरे नव्हतं ते," तो हळूच म्हणाला. "तू भेटायच्या आधीचं आहे सगळं."

"किती वर्षांची आहे?"

"आठ."

"भेटतोस तिला?"

"तिची आई भेटू देत नाही. मी काय करू? ते नाव घरात हवं होतं मला, सिहेम. रोज तोंडात यावंसं वाटायचं."

सिहेमने ओट्याची कड घट्ट धरली. "म्हणजे हाक मारणार तिला, आणि वळून बघणार माझी मुलगी."

"तसं नाही गं."

"आत्ता सुचलं म्हणालास. मी रडले, तर माझे डोळे पुसलेस."

सासूबाई दारात येऊन उभ्या राहिल्या. "बाहेर माणसं बसलीत. पुरुषांचं मागचं काही ना काही असतंच. नाव चांगलं आहे, राहू दे तेच."

"तुम्हाला माहीत होतं."

"सगळ्यांनाच माहीत होतं," त्या म्हणाल्या. "तुला त्रास नको म्हणून बोललो नाही."

त्यांच्या बाजूने वाट काढत सिहेम बाहेर आली आणि मादामकडून आपलं बाळ घेतलं. मग सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "नाव ज्या मुलीचं आहे तिला विचार, फेती. बहिणीला दिलं तर चालेल का म्हणावं."

"आत्ता? एवढ्या लोकांसमोर?"

"ठेवलंस ना लोकांसमोर? मग विचार."

फेतीने खिशातून फोन काढला. काढला, आणि नुसता हातात धरून उभा राहिला.

"लाव की."

तो लावेना.

"नंबर नाही तुझ्याकडे," सिहेम म्हणाली. तिला आत्ताच कळलं होतं.

"आई भेटू देत नाही असं सांगितलं असेल यानं," झुलीखा आत्या कोचावरून गरजल्या. "दर रविवारी माझ्याकडे जेवायला येते ती पोर. आईच आणून सोडते. बाप कितीदा आला, विचार त्याला!"

आत्यांनी पिशवीतून आपला फोन काढला. कानाला लावून त्यांना काही कळत नसे, म्हणून त्यांच्या फोनचा आवाज कायम खोलीभर असायचा. त्यांनी नंबर लावला आणि फोन फेतीच्या हातात कोंबला.

रिंग जात राहिली. कोणी बशीला हात लावला नाही.

"आजी?" पलीकडून मुलीचा आवाज आला, धावत येऊन उचलल्यासारखा.

फेतीने फोन तोंडाशी नेला आणि पुन्हा खाली घेतला. सिहेम बाळाला छातीशी धरून त्याच्याकडे बघत होती. बाकी कोणाची मान वर नव्हती.

"आजी, ऐकू येत नाहीये का?" मुलीने आवाज चढवला. "मी आहे! नूरेल! नू-रेल!"