घुंगरू जरा जास्त

"विक्रांत भिया, घुंगरू जानबूझकर इतके वर ठेवलेत का?" देवांशने मुंबईहून फोनवर विचारलं. नव्या सिनेमाच्या गाण्यांचं शेवटचं मिक्सिंग तो करत होता. "मतलब, तिन्ही गाण्यांत कानात सुई टोचल्यासारखं होतंय. संध्याकाळी फायनल पाठवायचंय."

"जानबूझकरच आहेत," विक्रांत म्हणाला. "तू हात नको लावू. मी ऐकून सांगतो."

विक्रांतने फोन ठेवला. त्याने घुंगरू मुद्दाम वर ठेवलेच नव्हते. उलट ते दबल्यासारखे वाटायचे, म्हणून चार महिने थोडे थोडे वाढवत गेला होता. चाळीस वादकांत कुणाची तार उतरली आहे हे बोट दाखवून सांगणारा संगीतकार तो, आणि त्याचा तोराही भारी. डॉक्टरकडे जायची मात्र त्याची हिंमत झाली नव्हती. या धंद्यात संगीतकाराच्या कानांबद्दल कुजबुज सुरू झाली की काम यायचं बंद होतं.

त्याने कॉम्प्युटरवर शिट्टीसारखा एकच सूर लावला आणि हळूहळू वर चढवत नेला. सुरुवातीला तो स्वच्छ ऐकू आला. मग बारीक झाला. मग गेलाच.

स्क्रीनवर आवाजाची पातळी दाखवणारी हिरवी पट्टी चढलेलीच होती, आवाज मात्र नव्हता. विक्रांतने व्हॉल्यूम वाढवला. आणखी वाढवला. खजरान्याच्या गणपतीला त्याने मनातल्या मनात काय काय कबूल केलं, ते त्याचं त्यालाच ठाऊक.

एकदम त्याला स्पीकरची तार आठवली. परवाच सियागंज बाजारातून आणलेली, बसवतानाच ढिली वाटली होती. निसटली असणार! विक्रांतचा जीव भांड्यात पडला. एवढा पन्नाशीचा माणूस, आणि उगाच रडायच्या बेतात आला होता. व्हॉल्यूम तसाच ठेवून तो गुडघ्यांवर बसला, टेबलाखाली डोकं घातलं आणि तार चाचपली.

तार घट्ट बसलेली होती.

त्याने ती पुन्हा चाचपली. मग दुसऱ्या स्पीकरची पाहिली. तीही घट्ट.

तेवढ्यात त्याची बायको रमा दोन्ही तळहातांनी कान दाबून धरत खोलीत धावत आली.

"अहो, बंद करा ना ते! कान फाटायची वेळ आलीय. पूरा मोहल्ला गॅलरीत आलाय!"

विक्रांत टेबलाखालून बाहेर आला. 'काय बंद करू?' हे शब्द अगदी ओठांवर आले होते, ते त्याने गिळले.

"हो, हो. करतो," म्हणत त्याने घाईघाईने एक बटण दाबलं.

आणि आवाज थांबला की नाही हे कळावं म्हणून तो रमाच्या हातांकडे पाहत राहिला.