हप्ता तोच ठेवा

ताळामास्तर जिना चढून कर्ज विभागात गेले आणि त्यांची बायको खालच्या बाकावर बसली. दोन्ही गुडघे कामातून गेलेल्या बाईनं बावीस पायऱ्या चढाव्यात, असं वर काही उरलंच नव्हतं. दोनशे चाळिसावा हप्ता गेल्या आठवड्यात फिटला होता. आता फक्त घराचे कागद ताब्यात घ्यायचे होते.

"सही नीट करा हो," तिनं खालूनच बजावलं. "घाईत तुमचं आडनाव निम्मंच उमटतं."

उत्तर आलं की ताळा करून बघा, हे मास्तरांनी तेहेतीस वर्षं फळ्यावर खडू आपटून सांगितलं होतं. त्यावरून मुलांनी त्यांना हे नाव ठेवलं होतं. त्या मुलांपैकीच एक आता काचेच्या खोलीत कर्ज विभागाचा साहेब होऊन बसला होता. सरांना पाहताच तो उठून उभा राहिला. उभं राहायची त्याला सवय होतीच, फक्त शाळेत तो बाकावर उभा असे.

"या सर. काय सेवा करू?"

"सेवा वीस वर्षं आम्ही केली. तू नुसते कागद काढ."

साहेब हसत हसत संगणकाकडे वळला आणि मधेच हसायचा थांबला.

"सर, अजून एकशे सात आहेत."

"काय एकशे सात?"

"हप्ते."

"तुझं गणित कच्चं ते कच्चंच राहिलं बघ. वीस वर्षं गुणिले बारा?"

"दोनशे चाळीस."

"भरले किती?"

"दोनशे चाळीस."

"मग? वजाबाकी तरी येते का?"

साहेबानं फाइलमधून पाच कागद काढून समोर मांडले. पाचही बँकेचीच पत्रं. व्याजाचा दर वाढला आहे, हप्ता वाढवायचा की तोच ठेवायचा ते कळवावे. आणि पाचही पत्रांवर 'हप्ता तोच ठेवा' यासमोर लाल शाईची, लांब शेपटीची बरोबरची खूण. अशी शेपूट अख्ख्या शहरात एकच माणूस काढत असे. शिक्षकांच्या खोलीत बाकीचे वाढलेल्या हप्त्यांच्या नावानं बोटं मोडत, तेव्हा मास्तर चहा ढवळत शांतपणे म्हणत, "आमचा दमडीनं हलला नाही." बँकेत त्यांची वरपर्यंत ओळख आहे, अशी वदंता होती. मास्तरांनी ती कधी खोडून काढली नाही.

खुणेच्या खाली बारीक अक्षरांत आणखी एक ओळ होती. मास्तरांनी कागद नाकाशी धरून ती वाचली. त्यानुसार परतफेडीची मुदत वाढेल.

"दर चढला आणि हप्ता तोच राहिला, म्हणजे..." साहेब अडखळला. एक बाजू घट्ट धरून ठेवली की दुसरी हलते, हे आठवीच्या वर्गात मास्तर पोरांकडून घोकून घेत.

"म्हणजे महिने वाढले," मास्तर म्हणाले.

"हो सर. दहा लाख घेतलेत, वीस भरलेत. मुद्दलातले अजून सहा बाकी आहेत."

मास्तरांनी पेन काढलं. एका पत्राच्या पाठीवर आकडे मांडले, उत्तर काढलं, ताळा करून पाहिला. तो जुळला. आठ वर्षं, अकरा महिने.

"मी इथे आलो तेव्हाच फाइल पाहिली होती," साहेब हळूच म्हणाला. "वाटलं, सरांनी विचार करूनच खूण केली असणार."

"सांगायचं होतंस की रे."

"सर, तुमची चूक काढायची? मी?"

मास्तर जिना उतरले. बायकोच्या हातात फोन होता.

"दवाखान्यातून विचारत होते, बारा तारीख नक्की ना? मी म्हटलं, अगदी नक्की." तिनं त्यांच्या रिकाम्या हातांकडे पाहिलं. गुडघ्यांच्या ऑपरेशनचे पैसे महिन्याच्या महिन्याला घ्यायचं दवाखान्यानं कबूल केलं होतं. रक्कम हप्त्याएवढीच ठरली होती. तो संपला की हा सुरू. "कागद कुठायत?"

मास्तर शेजारी बसले. "अजून एकशे सात आहेत."

काय, असं तिनं विचारलं नाही. "चूक त्यांची की आपली?"

"माझी."

"आपली म्हणा. हप्ता वाढवू देऊ नका म्हणून मीच तुमच्या मागे लागायचे."

तिनं फोन लावला. दोन दिवस दूध नको, हे सांगावं तशा आवाजात ती म्हणाली, "बारा तारखेचं तूर्त राहू द्या. नाही, नाही, दुसरी तारीख नको. आम्ही कळवू." फोन पर्समध्ये टाकून तिनं बाकाची कड धरली आणि ती उठली.

"गाडी दारापर्यंत बोलावतो," मास्तर म्हणाले.

"उगाच कशाला? व्हा तुम्ही पुढे. मी येते सावकाश. आता कसली घाई आहे?"

मास्तर पुढे झाले. दारापाशी पोहोचल्यावर दार धरून ते मागे वळले. इतकी वर्षं ते दोन पावलं पुढे चालत आले होते, म्हणून त्यांना हे कधी दिसलं नव्हतं. बायको पाऊल टाकायच्या आधी डोळे घट्ट मिटून घेत होती. मग पाऊल टाकत होती. मग डोळे उघडून आधी त्यांच्या पाठीकडे बघत होती.

या वेळी तिथे पाठ नव्हती. ती जागच्या जागी थांबली.

"चपलेत खडा गेलाय वाटतं," ती म्हणाली.